सुरसा, पांडव आणि लांडगिणीचं कुळ

गेल्या पावसाळ्यात आमच्या बाल्कनीतल्या पानफुटीची पानं एकेक करून पारदर्शक व्हायला लागली. म्हणजे पान जागच्या जागी, आकार तोच, पण आतला गर गायब, उजेडाकडे धरलं की भाजलेल्या पापडासारखं दिसायचं आणि आत एक बारकी अळी आरामात फिरत असायची. मी फोटो काढून झाडंवाल्या ग्रुपवर टाकला, काय फवारू म्हणून, तर नेहमीप्रमाणे निंबोळी अर्क, साबणाचं पाणी, आंबट ताक असे सल्ले आले आणि मधेच एका काकांचा एकच शब्द आला, लायकेनिडी. बास. पुढे ना स्पष्टीकरण ना हात जोडलेला इमोजी.

मला वाटलं औषधाचं नाव आहे. खोटं कशाला सांगू, मी ते कृषी सेवा केंद्रात जाऊन मागितलंही, तर काउंटरवरचा मुलगा म्हणाला "ताई त्या कंपनीचं नाही येत आपल्याकडे."

तर औषध नाही, ते त्या अळीच्या खानदानाचं नाव होतं. अळीचं पुढे जे झालं ते रेड पिएरो नावाचं फुलपाखरू, वरून काळं आणि मागच्या पंखांवर नारिंगी-लाल मोठा पट्टा, खालून पांढऱ्यावर काळे ठिपके, अगदी कुणीतरी रंगपेटी नवीन आणल्यावर रंगवल्यासारखं. याच्या अळ्या पानफुटीच्या पानात शिरून आतल्या आत खातात, त्यामुळे ज्याच्या घरी पानफुटी त्याच्या घरी कधी ना कधी हा पाहुणा. मी फवारणीचा विचार सोडून दिला (पानफुटी काय, एका पानातून दहा होतात) आणि त्या शब्दाच्या मागे लागले, आणि आता जवळपास वर्ष झालं तरी तो शब्द काही मला सोडत नाहीये.

साधा अर्थ आधी सांगून टाकते. लायकेनिडी हे फुलपाखरांच्या एका कुळाचं शास्त्रीय नाव. निळी फुलपाखरं, तांबडी फुलपाखरं, आणि ज्यांच्या पंखाला केसासारख्या बारीक शेपट्या असतात ती, असे सगळे छोटे छोटे गडी यात येतात. जगात पाच हजारांच्या वर जाती, म्हणजे फुलपाखरांच्या कुळांत आकाराने दुसरा नंबर, पहिला निम्फॅलिडीचा. इंग्रजीत यांना गॉसमर पंखांची फुलपाखरं म्हणतात, गॉसमर म्हणजे थंडीच्या तोंडावर हवेत तरंगणारे कोळ्याच्या जाळ्याचे धागे, आणि तो शब्द मूळचा म्हणे गूज-समर, म्हणजे हंस खायच्या दिवसांतला उन्हाळा, त्यावरून आलेला. आपल्याकडे याला नेमका शब्द मला सापडला नाही, पण लहानपणी रुईचं बोंड फुटलं की जी म्हातारी उडायची आणि आम्ही तिच्यामागे धावायचो, ती आठवली. म्हातारीपंखी. नको, फारच वाईट वाटतंय ते.

आता गंमत अशी की हे नाजूकपणाचं सगळं इंग्रजी टोपणनावात आहे, शास्त्रीय नावात नाहीच. शास्त्रीय नावात आहे लांडगीण! फाब्रिसियस नावाचा डॅनिश माणूस होता, जीवांना शास्त्रीय नावं द्यायची पद्धत घालून देणाऱ्या लिनियसचा विद्यार्थी, त्याने 1807 साली लायकेना ही प्रजाती (म्हणजे जवळच्या जातींचा गट) केली आणि ग्रीकमध्ये लुकाइना म्हणजे मादी लांडगा. का दिलं असेल हे नाव, तर त्याने लिहून ठेवलेलं नाही, आणि पुढच्याच वर्षी तो गेला, त्यामुळे लोक आपापल्या परीने तर्क लढवत बसलेत. नखाएवढ्या फुलपाखराला लांडगीण म्हणणं म्हणजे आमच्या शेजारच्या पॉमेरेनियनचं नाव वाघ्या आहे तसलाच प्रकार.

काहीजण म्हणतात की यांच्या काही अळ्या मांसाहारी असतात म्हणून लांडगीण. ऐकायला मस्त वाटतं पण मला नाही पटत, कारण त्यातली सगळ्यात गाजलेली गोष्ट, म्हणजे युरोपातल्या लार्ज ब्लू नावाच्या फुलपाखराची, ती माणसाला कळलीच विसाव्या शतकाच्या सुरुवातीला. ही अळी पहिले काही आठवडे फुलं खाते, मग जमिनीवर पडते, एका जातीच्या लाल मुंग्या तिला आपलंच पोर समजून वारुळात नेतात आणि आत गेल्यावर ती मुंग्यांचीच पिल्लं खात बसते, महिनोन् महिने. ब्रिटनमध्ये गुरं-मेंढ्या चरायचं कमी झालं, गवत वाढलं, जमीन गार झाली, त्या ठरावीक मुंग्या गेल्या आणि 1979 मध्ये फुलपाखरूही संपलं, मग स्वीडनहून आणून पुन्हा वसवलं. जुन्या पुस्तकांत ही जात लायकेना नावाखालीच असायची, म्हणून गोष्ट आणि नाव एकमेकांना चिकटले असावेत. पण फाब्रिसियसला यातलं काही ठाऊक असणं शक्य नाही.

बरं, लांडगा म्हटल्यावर मला अजून एक आठवलं. ग्रीक लुकोस आणि संस्कृत वृक हे एकाच मुळाचे शब्द आहेत, भाषाशास्त्रात हे बऱ्यापैकी पक्कं मानलं जातं. वृक म्हणजे लांडगा, वृकोदर म्हणजे लांडग्यासारखं पोट असलेला, म्हणजे आपला भीम. आणि ऋग्वेदात वृकीही आहे, ऋज्राश्वाने जिला मेंढ्या मारून घातल्या ती, त्यापायी बापाने त्याला आंधळं केलं आणि अश्विनांनी परत डोळे दिले. तर लुकाइना म्हणजे वृकी. आता त्याला मागे लागलेलं ते इडी काय आहे? तो ग्रीक-लॅटिनमधला अमक्याचे वंशज असं सांगणारा प्रत्यय. प्राण्यांच्या कुळाच्या नावाला तो लावायचाच असा नियमच आहे, मांजराचं फेलिडी, कुत्र्याचं कॅनिडी. आणि हे आपल्याला काय नवीन आहे का, पांडूचे पांडव, कुंतीचा कौंतेय, राधेचा राधेय, गंगेचा गांगेय, तसे वृकीचे ते वार्केय! व्याकरणाच्या जाणकारांनी चूक असेल तर खुशाल कान धरावा, पण स्वतःवर इतकी खूश झालेली मी मला बऱ्याच दिवसांनी दिसले.

आणि यावरून पुढचा मुद्दा, आपण मराठीत सर्रास लायकेनिडी कुळ असं लिहितो. नावातच कुळ आहे, म्हणजे हे झालं पिवळं पीतांबर. पण मी यावर भांडणार नाही, कारण नुसतं लायकेनिडी लिहिलं की वाचणाऱ्याला माझ्यासारखं औषध वाटतं. त्यात ते दिसतं एकवचनी स्त्रीलिंगी, म्हणजे ती लायकेनिडी, आणि असतं मात्र अनेकवचन. एकटं फुलपाखरू असेल तर लायकेनिड म्हणतात, शेवटची वेलांटी काढून, "काल टेकडीवर चार लायकेनिड मिळाले" असं. इंग्रजीत कुळाचं नाव मोठ्या अक्षराने आणि सरळ टायपात, सुटं नाव लहान अक्षराने, आणि प्रजाती-जातीची नावं तेवढी तिरक्या टायपात असली शिस्त आहे, आपल्या देवनागरीत मोठं अक्षरच नाही त्यामुळे आपली त्यातून सुटका.

उच्चाराचं तर विचारूच नका. इंग्रजी डिक्शनरीत लायसीनिड आहे, क चा स करून. ग्रीकच्या जवळ जायचं तर क पाहिजे. आपल्याकडे लायकेनिडी, लायकॅनिडी, लायसिनिडी, लिकेनिडी असं सगळं ऐकलंय मी, आणि एकदा ट्रेलवर एक दादा लायकोसिडी लायकोसिडी करत होते, तर ते वेगळंच निघालं, लायकोसिडी म्हणजे लांडगा कोळी, मूळ तोच लांडगा पण आठ पायांचा. शास्त्रीय नावांच्या उच्चारावर कुणाची सक्ती नाहीये, समोरच्याला कळलं म्हणजे झालं. मी क वाली आहे, वृकीमुळे.

आता पांडवांचं सांगते. आमच्या सोसायटीच्या गेटपाशी दोन सायकसची झाडं आहेत, बिल्डरने लावलेली, मेली जात नाहीत आणि कुणी प्रेमही करत नाही. त्यांना नवीन पालवी फुटली की तिच्यावर चिकटून हिरव्या-लालसर अळ्या बसतात आणि आठवड्यात पालवीचा चोथा. माळीकाका वैतागतात. ती अळी म्हणजे प्लेन्स क्युपिड, आणि तिचं जातीचं नाव काय तर पांडवा! थॉमस हॉर्सफील्डने 1829 मध्ये दिलेलं, हा माणूस जावामध्ये कित्येक वर्षं होता आणि तिकडे महाभारत घराघरात, कठपुतळ्यांच्या खेळात. म्हणजे आमच्या गेटवर पांडव राहतात, त्यांच्यातला एक वृकोदर, आणि सगळे मिळून वृकीच्या कुळात. मी हे माळीकाकांना सांगितलं तर ते म्हणाले "पांडव असू दे नाहीतर कौरव, पालवी खायची नाही."

पण त्यांनीच मला पहिल्यांदा दाखवलं की या अळ्यांभोवती कायम मुंग्या असतात. ते म्हणाले मुंग्या अळीला खायला आल्यात. मी अर्धा तास बसून पाहिलं (वॉचमनला काय वाटलं असेल ते असो), खात नव्हत्या, मिशांनी अळीच्या पाठीवर हळूहळू थोपटत होत्या आणि मधेच अळीच्या मागच्या बाजूला पाण्याचा बारीक थेंब यायचा तो प्यायच्या. अळीच्या पोटाच्या सातव्या खंडावर गोड रस देणारी ग्रंथी असते आणि त्याच्या मागच्या खंडावर आत-बाहेर होणाऱ्या दोन बारक्या शुंडा. मुंग्यांना खाऊ मिळतो, अळीला बॉडीगार्ड मिळतात, आणि शिवाय काही अळ्या आवाज करून, म्हणजे पानातून कंपनं पाठवूनही मुंग्यांना बोलावतात. या कुळातल्या ज्या जातींची अळीपासूनची गोष्ट माहीत आहे त्यातल्या साधारण तीन-चतुर्थांश जातींचा मुंग्यांशी काही ना काही संबंध असतो. फुलपाखरांच्या बाकी कुळांत असं इतकं नाही. म्हणून मला वाटतं खरी ओळख सांगायची तर पंखांची कशाला, मुंग्यांची सांगावी. गॉसमर-बिसमर ठीक आहे.

निळ्याचंही तसंच. निळी फुलपाखरं म्हणायचं, पण तो निळा बहुतेकांत रंगद्रव्याचा नसतोच, खवल्यांच्या रचनेवरून प्रकाश परतताना निळं दिसतं, आणि तेही बरेचदा नराचंच, मादी बिचारी तपकिरी. आणि पंख मिटले की नरसुद्धा राखाडी. म्हणून टेकडीवर गवतात पायाखालून उडणाऱ्या या बारक्यांना कुणी निळं म्हणत नाही, कुणी काहीच म्हणत नाही. माझ्या टेकडीवर सगळ्यात जास्त दिसतं ते पेल ग्रास ब्लू, आंबुटीच्या पानांवर वाढणारं, बोटाच्या पेराएवढं, आणि त्याचं जातीचं नाव महा!! 1844 मध्ये व्हिएन्नाच्या कोलरने दिलं, ह्यूगेल नावाच्या सरदाराने हिमालयाकडून नेलेल्या नमुन्यांवरून. त्याच कोलरने त्याच्याहून छोट्या, भारतातल्या सगळ्यात लहान फुलपाखरांपैकी एकाला नाव दिलं पुतली, ग्रास ज्वेल म्हणतात ते. हे मात्र चपखल आहे, पुतळीच ती.

आणि ज्याच्यावरून अख्ख्या कुळाला नाव पडलं ती लायकेना, ती महाराष्ट्रात नाहीच. थंड प्रदेशातली प्रजाती, आपल्या देशात हिमालयात जावं लागतं. तिकडे तिची एक जात आहे, तिचं नाव लायकेना कश्यप. लांडगीण आणि कश्यप ऋषी एका ओळीत, आता बोला.

हे कुळ म्हणजे नेमकं कोण कोण, हेही कायम एक राहिलेलं नाही. 1815 मध्ये लीच नावाच्या इंग्रज शास्त्रज्ञाने कुळ केलं, त्यानंतर लोक कधी आत आले कधी बाहेर गेले, प्लम ज्युडी वगैरे फुलपाखरं जुन्या काही पुस्तकांत लायकेनिडीतच सापडतात आणि नव्यात त्यांचं रिओडिनिडी हे वेगळं बिऱ्हाड आहे. त्यामुळे पुस्तक कधीचं आहे ते बघून शब्दाचा अर्थ लावायचा. आणि हा शब्द कायद्यातही आहे बरं का, 1972 च्या वन्यजीव कायद्याच्या जुन्या अनुसूचीत फुलपाखरांची यादी कुळानुसार होती आणि त्यात लायकेनिडी असं ठळक शीर्षक, खाली नावांची लांबलचक रांग. म्हणजे वाघाच्या यादीत आमचे नखाएवढे गडीपण.

पण मला सगळ्यात आवडलेलं नाव लायकेनिडीच्या आधीचं आहे. 1758 मध्ये लिनियसने फुलपाखरांचे गट पाडले तेव्हा मोठ्या शेपटीवाल्यांना त्याने सरदार केलं, ट्रॉयचे सरदार आणि ग्रीकांचे सरदार, काहींना अप्सरा केलं, आणि ही बारकी मंडळी गेली प्लेबेजी रुरालेस या खात्यात. प्लेबेजी म्हणजे सामान्य लोक, रुरालेस म्हणजे खेड्यातले. थोडक्यात रयत. गावठी पब्लिक. मी सांगोला तालुक्यातली, मला हे वाचून इतका आनंद झाला की मी लगेच अण्णांना फोन लावला.

अण्णा म्हणजे माझे वडील, डाळिंबवाले. त्यांना सगळं सांगितलं, कुळ, लांडगीण, रयत, मुंग्या. ते ऐकत होते, टीव्ही चालू होता मागे. मग म्हणाले "आपल्याकडची आहेत का कुठली ह्यातली?" मी म्हटलं बघते. बघितलं आणि हसावं की रडावं कळेना, कारण आपल्याकडची, आमच्या अगदी घरची, म्हणजे सुरसा.

ज्यांना माहीत नाही त्यांच्यासाठी, सुरसा ही डाळिंबाचं फळ पोखरणारी अळी. फुलपाखरू फुलावर नाहीतर कोवळ्या फळावर अंडं घालतं, अळी आत शिरते, दाणे खाते, भोकातून घाण बाहेर येते, फळ सडतं, वास सुटतो. माझ्या बालपणात तेल्या, मर (हे दोन डाळिंबाचे रोग) आणि सुरसा हे तीन शब्द घरात असे बोलले जायचे जसे दुसऱ्यांच्या घरात सावकार आणि भाऊबंद. आणि मला कधीही, एकदाही प्रश्न पडला नाही की ही अळी मोठी होऊन काय होते. होते फुलपाखरू. नर चकचकीत निळसर जांभळा, मादी तपकिरी आणि पुढच्या पंखावर नारिंगी डाग, मागे बारीक शेपटी आणि डोळ्यासारखा ठिपका. शास्त्रीय नावात आयसोक्रेटिस, अथेन्सचा मोठा वक्ता होता त्याचं नाव, आणि दिलं कुणी तर 1793 साली त्याच फाब्रिसियसने. म्हणजे लांडगीणही त्याचीच आणि आमची सुरसाही त्याचीच.

आयसोक्रेटिसपेक्षा सुरसा हे नाव कितीतरी सरस आहे पण. रामायणातली सुरसा आठवा, समुद्रावर तोंड वासून उभी, मारुती बारीक होऊन तिच्या तोंडात शिरतो आणि बाहेर येतो. आत शिरणं आणि बाहेर येणं. आता शेतकऱ्यांनी हे डोक्यात ठेवून नाव दिलं की नाही मला ठाऊक नाही, माझं मन तिकडे गेलं एवढंच. आणि या अळीची एक करामत तर मला पुस्तकात वाचायच्या आधी अण्णांनी सांगितली होती, पण मी तेव्हा ऐकलं नव्हतं. पोखरलेलं फळ देठातून सुटून पडू नये म्हणून अळी बाहेर येते आणि रेशमाच्या धाग्याने फळाचं देठ फांदीला बांधून टाकते. अण्णा म्हणायचे, "चोर आहे पण घर बांधून राहतोय." बिचाऱ्या गॉसमरवाल्यांना हा धागा माहीत असता तर!

मी अण्णांना सांगितलं, अण्णा, माझ्या बाल्कनीतलं लाल फुलपाखरू आणि तुमची सुरसा एकाच कुळातली. पलीकडे बराच वेळ नुसता टीव्हीचा आवाज. मग म्हणाले, "म्हणजे तू पुण्यात सुरसाच पाळल्यात की गं."

यावर काय बोलणार. मी अजून पानफुटीवर काही मारत नाही आणि अण्णा फळं धरली की एकेका डाळिंबाला कागदी पिशवी घालतात, पोखरलेली तोडून नष्ट करतात, आणि दोघंही आपापल्या जागी बरोबर आहोत असं मला वाटतं. बाल्कनीतली पानफुटी सात रुपयांचीपण नाही. तिकडे वर्षाचा संसार आहे.

परवा अण्णांचा व्हॉट्सअॅपवर फोटो आला. जरा हललेला, डाळिंबाच्या पानावर पंख मिटून बसलेलं राखाडी-तपकिरी काहीतरी, मागे इवलीशी शेपटी. सत्तरीच्या माणसाने पन्नास वर्षांत पहिल्यांदा अळी सोडून फुलपाखरू बघितलं असावं. खाली लिहिलं होतं, "तुझे पाव्हणे आलेत."

मी विचारलं, पिशव्या घातल्या का?

"कवाच," असा रिप्लाय आला, आणि मागोमाग, "पण फोटो आधी काढला."